चुन्याच्या गाडीचा आस

तिसाकेनेझ, ८ जून १९८१

वेंडेल पोरा,

परवा रेडिओ स्वयंपाकघराच्या खिडकीत ठेवून आम्ही दोघं बसलो होतो. चौदा वर्षं ही शनिवारची फेरी ऐकतोय. निवेदक या मैदानावरून त्या मैदानावर उड्या मारतात, गोल कोणी मारला, कोणाला बाहेर काढलं, एवढंच सांगतात. मधल्या फळीतल्या सहा नंबरवाल्याचं नाव कोण घेतोय? महिना महिना तुझं नाव यायचं नाही. तुझी आई चिडायची. मी म्हणायचो, अगं रोझाल, नाव नाही आलं म्हणजे पोरगा आपल्या जागेवर उभा आहे. जागा सोडली की लगेच नाव येतं.

परवा मात्र तीनदा आलं. शेवटचा सामना, दोनशे शहाण्णवावा, आणि तुला फुलं दिली म्हणे. आई रडली. मी नाही रडलो. मी बाहेर जाऊन टोमॅटोला पाणी घातलं. पाऊस नुकताच पडून गेला होता, तरी घातलं.

गुडघा गेला त्याचं वाईट वाटून घेऊ नकोस. खेळ सुटला की बाकीचे खेळाडू दारूच्या गुत्त्यात जुन्या गोष्टी सांगत बसतात. तुझ्या हातात विद्या आहे. सकाळी लेथ, दुपारी सराव, असं चौदा वर्षं केलंस. कारखान्याने दिलेलं ‘उत्तम कामगार’चं प्रशस्तिपत्र अजून आपल्या स्वयंपाकघरात चुलीवर टांगलंय. फुटबॉलचा फोटो त्याच्या खाली आहे, वर नाही.

आता कामाचं. गावच्या मैदानाच्या रेषा अजून मीच मारतो, डोळे अधू झालेत तरी. चुन्याच्या गाडीचा आस झिजलाय. सत्तर साली तू करून पाठवलेला तोच. अकरा वर्षं टिकला, शाब्बास! तसाच दुसरा कर. पंचवीस मिलिमीटर, लांबी जुन्याइतकीच. सोबत माझा जाडी मोजायचा कॅलिपर पाठवतोय. मला आता त्याच्यावरचे आकडे दिसत नाहीत. तुझ्याकडे असू दे.

तुझा बाप,
आंब्रुश कादाश


शायोवार, १७ जून १९८१

बाबा,

कॅलिपर मिळाला. तुमच्या हाताला लागून लागून त्याची कड किती गुळगुळीत झालीय. एवढी मोलाची वस्तू पोस्टाने कशाला पाठवलीत?

सामना बरोबरीत सुटला. सत्तराव्या मिनिटाला मला बाहेर घेतलं. लोक उभे राहिले. क्लबच्या अध्यक्षांनी चिनी मातीची एक मोठी फुलदाणी दिली. आता ती माझ्या खोलीत टेबलावर आहे, आणि जेवताना ती खाली ठेवावी लागते. देशाच्या संघाकडून सतरा मिनिटं खेळलो होतो, तो शर्ट मी क्लबला देऊन टाकला.

आसाचं बघतो. सध्या कारखान्यात कामाचा फार रेटा आहे, आणि जुलैमध्ये दुरुस्तीसाठी मशीनं बंद असतात. थोडा उशीर होईल.

आईला सांगा, मी नीट जेवतो.

वेंडेल


तिसाकेनेझ, २० जुलै १९८१

पोरा,

महिना झाला, आसाचा पत्ता नाही! मशीनं बंद, कामाचा रेटा, काय चाललंय काय? अर्ध्या तासाचं काम आहे ते. का आता मोठा माणूस झालास, बापाचं काम तुला हलकं वाटतं? आणि तुला मशीन कुठलं दिलंय ते कधी लिहीत नाहीस. चेकोस्लोव्हाकियाचं आहे की आपलं? तुझ्या पत्रात आजवर लेथचा एक शब्द नाही. मी समजायचो, दमत असशील, कामाबद्दल कशाला लिहिशील.

असो. आनंदाची बातमी आहे. आपल्या सहकारी शेतीच्या वर्कशॉपमध्ये लेथ चालवायला टर्नर नाही. मी सोडल्यापासून तीन आले, तीन गेले. परवा अध्यक्ष स्वतः घरी आले. मी त्यांना म्हटलं, माझा वेंडेल येईल. चौदा वर्षांचा पक्का टर्नर. एक जानेवारीपासून. हातात हात दिला मी त्यांच्या. नंतर गुत्त्यात सगळ्यांना एकेक प्याला पाजला.

तू माझ्याच मशीनवर उभा राहशील रे. आईने तुझ्या खोलीला चुना द्यायला घेतलाय.

तेवीस ऑगस्टला मोसमाचा पहिला सामना. तोवर आस पाहिजे म्हणजे पाहिजे.

आंब्रुश


शायोवार, ६ ऑगस्ट १९८१

बाबा,

हे पत्र मी चार वेळा फाडलं. आता पाचव्यांदा लिहितोय. हे पाठवणार.

मला लेथ चालवता येत नाही.

सतरा वर्षांचा होतो. क्लबमध्ये आलो त्या दिवशी व्यवस्थापकाने एक कागद पुढे केला. म्हणाला, इथे सही कर, आजपासून तू टर्नर, मशीन नंबर चौदा. मी विचारलं, कामावर कधी यायचं? तो इतका हसला! म्हणाला, अरे येड्या, तुझं काम मैदानावर, खेळाचा पगार कागदावर दाखवता येत नाही म्हणून हे. आम्हा सगळ्यांचं असंच होतं. गोलरक्षक कागदावर वेल्डर होता, आमचा डावा विंगर वीजदुरुस्तीवाला. त्याला घरचा दिवा बदलता येत नव्हता. प्रशस्तिपत्र बैठकीत सगळ्या संघाला एकदम वाटलं. मी ते कौतुकाने घरी पाठवलं. तुम्ही ते चुलीवर लावाल असं माझ्या डोक्यातही आलं नव्हतं.

इकडे सगळ्यांना माहीत असतं. मला वाटलं, तुम्हालाही असेल. मग तुमचं पत्र आलं, ‘सकाळी लेथ, दुपारी सराव, दमू नकोस पोरा.’ तेव्हा कळलं की तुम्ही ते खरं मानलंय. त्याच वेळी सांगायला हवं होतं. पण तुम्ही इतके खूश होतात की माझी जीभ रेटली नाही. पुढे वर्षावर वर्षं गेली आणि सांगणं अवघड होत गेलं.

सत्तरचा आस माझा नाही. लोरांट नावाच्या एका कामगाराने केला. त्याला मी सामन्याचे दोन पास दिले.

खेळ संपला आणि सोमवारी सकाळी सहाला मी पहिल्यांदा त्या कारखान्यात कामाला गेलो. मिस्त्री आहेत झिगाकाका. सगळ्यांसमोर मला चौदा नंबरपाशी नेऊन म्हणाले, “कॉम्रेड कादाश, हे तुमचं मशीन. चौदा वर्षं तुमची वाट बघतंय बिचारं. ओळख करून घ्या.” अख्खं वर्कशॉप हसलं. मीही हसलो. काय करणार? पहिल्याच दिवशी लोखंडाचा तुकडा पकडणाऱ्या चकमधली किल्ली काढायला विसरलो आणि मशीन चालू केलं. किल्ली माझ्या कानाजवळून गेली आणि भिंतीत लागली. तेव्हा मात्र कोणी हसलं नाही. तेव्हापासून माझ्या हातात झाडू आहे. बाकीच्यांच्या मशीनखालचा लोखंडाचा कीस गोळा करतो. शनिवारी ज्यांनी माझ्या नावाने घोषणा दिल्या तेच म्हणतात, इकडे जरा राहिलाय बघ, सहा नंबर.

अध्यक्षांना दिलेला शब्द परत घ्या, बाबा. मला येता येणार नाही. तुमच्या मशीनसमोर तर नाहीच नाही.

वेंडेल


तिसाकेनेझ, २९ ऑगस्ट १९८१

माझ्या वेंडेल,

हे मी लिहितेय, तुझी आई. यांना माहीत नाही. पोस्टमास्तरीणबाईंच्या टेबलावर बसून लिहितेय.

तुझं पत्र यांनी भिंग धरून वाचलं. दोनदा. मग मला म्हणाले, “चुना द्यायचं थांबव.” बाहेर गेले, गाडी उलटी केली, आस ठोकून काढला आणि विहिरीत टाकला. दुसऱ्या दिवशी रविवारचा काळा कोट घालून अध्यक्षांकडे गेले. टोपी हातात घेऊन म्हणाले, मी खोटं बोललो. पोरगा खोटं बोलला असं नाही म्हणाले हं. मी खोटं बोललो म्हणाले. अध्यक्षांच्या बायकोने मला सांगितलं.

आणि तेवीस तारखेला काय केलं असेल? गाडीला आस नाही. लोक म्हणाले, आंब्रुशकाका, एक साधी सळई घाला, आजच्यापुरतं भागेल. ऐकतील तर ना! बादलीत चुना कालवला, ब्रश घेतला आणि अख्ख्या मैदानाची रेष गुडघ्यावर बसून मारली. सकाळी पाचला बसले ते अकरापर्यंत. बहात्तर वर्षांचा माणूस. रेषा वाकड्या झाल्या, दिसतंय कुठे धड. कोणी हसलं नाही. दोन्ही संघ कडेला उभे राहून बघत होते.

नंतर तीन दिवस अंथरुणात. पाय सुजलेत. डॉक्टर म्हणतात, हृदय थकलंय. रेडिओ लावत नाहीत. प्रशस्तिपत्र मी काढलं. त्या जागेवर भिंत पांढरी राहिलीय, तिथे आता मी टोपलं टांगलंय.

मला तुझा राग आलाय वेंडेल. यांचाही आलाय. तू सांगितलं नाहीस, आणि यांनी चौदा वर्षांत एकदा उठून शायोवारला येऊन बघितलं नाही. सहा तासांचा तर प्रवास! म्हणे, त्याच्या कामात कशाला लुडबुड. दोघंही सारखेच मेले!

इतक्यात येऊ नकोस. म्हणालेत, येऊ नको म्हणावं. पण पत्र लिही. उत्तर आलं नाही तरी लिही.

आई


शायोवार, २१ सप्टेंबर १९८१

बाबा,

उत्तर देऊ नका, पण वाचा.

मी झिगाकाकांकडे गेलो. म्हटलं, मला शिकवा. ते म्हणाले, “एकतिसाव्या वर्षी? मी साठाव्या वर्षी उजवा विंगर होतो मग, घ्या मला संघात.” मी हललो नाही. तासभर उभा राहिलो. शेवटी म्हणाले, पाळी संपल्यावर दोन तास, भंगाराच्या तुकड्यांवर. चांगल्या लोखंडाला हात लावायचा नाही.

आस मीच करणार. किती दिवस लागतील माहीत नाही.

वेंडेल


तिसाकेनेझ, २० ऑक्टोबर १९८१

आज तुझा नामदिन, कॅलेंडरात तुझ्या नावाच्या संताचा दिवस. शुभेच्छा.

राग गेलाय असं समजू नकोस. चौदा वर्षं मी गावात जे बोललो ते मला परत गिळता येत नाही. रस्त्याने जाताना माणसं गप्प होतात. चिडवलं असतं तर बरं होतं. त्या कागदावर सही केलीस त्याचं मला एवढं नाही. सगळेच करत होते म्हणतोस, ठीक. पण दुसऱ्याच्या हातचं काम आपलं म्हणून बापाला पाठवलंस. ते मला सोसत नाही.

किल्ली चकमध्ये ठेवून मशीन चालू करणाऱ्याला मी वर्कशॉपमधून हाकलून दिला असता. किल्ली एक तर चकमध्ये नाही तर खिशात, आणि चकमध्ये असेल तर तिच्यावर हात पाहिजे. हात उचलला की किल्ली उचलली. झोपेतसुद्धा.

बाह्या कोपराच्या वर. अंगठी असेल तर काढ. हातमोजे घालायचे नाहीत, मशीन हातमोजा ओढतं आणि त्याच्या आत हात असतो. टूलची धार तुकड्याच्या बरोबर मध्यावर लाव, केसभर वर नाही, केसभर खाली नाही. मशीनचा आवाज ऐक. लोखंड नीट कापलं जात असेल तर एकसारखा आवाज येतो. किंचाळलं तर थांब, तुझं चुकतंय.

आणि हे नीट लक्षात ठेव. पंचवीसचा आस करायचा तर पंचवीसवर एकदम जायचं नाही. जाड राहिलं तर चालतं, परत लावून उतरवता येतं. बारीक झालं की संपलं, लोखंड परत चिकटवता येत नाही. शिकाऊ माणसाचं काम जाड असलं की मी म्हणायचो, याला अक्कल आहे.

पाठीत कळ येतेय, पुरे.

आंब्रुश


शायोवार, १५ नोव्हेंबर १९८१

बाबा,

तुमचं पत्र मशीनच्या वर खिळ्याला लावलंय. झिगाकाकांनी चष्मा लावून वाचलं. म्हणाले, “हा माणूस इथे असता तर मला मिस्त्री केलंच नसतं.” नंतर दिवसभर कोणी मला सहा नंबर म्हणालं नाही.

आता चांगलं लोखंड देतात. किल्ली विसरत नाही. पण आस होत नाही, बाबा. आजवर पाच केले, पाचही बारीक गेले. पहिला पूर्ण मिलिमीटरने, शेवटचा दोन दशांशाने. तुम्ही लिहिलंय तसंच करतो, शेवटपर्यंत सगळं ठीक असतं, आणि शेवटच्या कापाला हात जास्त फिरतो. का फिरतो कळत नाही.

शनिवारी वर्कशॉपमध्ये रेडिओ लावतात. माझ्या जागेवर आता पापा शहरातून आलेला एक पोरगेला खेळाडू आहे. काल त्याचं नाव चार वेळा आलं. मला तुमचं आठवलं. जागा सोडत असणार.

पाय कसे आहेत?

वेंडेल


तिसाकेनेझ, ७ डिसेंबर १९८१

वेंडेल,

सांगतायत हे, लिहितेय मी. आज यांचा नामदिन, आणि डुक्कर परवाच कापलं. सॉसेज वेगळं पाठवतेय. यांना त्यातलं काही चालत नाही, नुसता वास घेतात आणि खाटकाला नावं ठेवतात.

म्हणतायत, लिही: घाई.

म्हणतायत, तू गावच्या संघात होतास तेव्हा मी रेषेवरून ओरडायचो ते आठव. समोरचा चेंडू घेऊन आला की तू अंगावर जायचास आणि तो बगल देऊन निघून जायचा. मी ओरडायचो, थांब! त्याला येऊ दे! पुढे रेडिओवर तुझं नाव येईनासं झालं तेव्हा मला कळलं की पोरगा थांबायला शिकला. चौदा वर्षं थांबून खेळलास. लेथला तेवढंच लागतं. शेवटचा काप घेऊ नकोस. त्याच्या आधी मशीन बंद कर, हात पुस, बाहेर जाऊन ये, माप परत घे.

आणखी काय म्हणू, विचारतायत. मी म्हटलं, मायेचं काहीतरी म्हणा. म्हणतायत, हे सगळं काय आहे मग?

आई


तिसाकेनेझ, १८ जानेवारी १९८२

माझ्या लेकरा,

तू परवा संध्याकाळच्या बसने गेलास आणि घर खायला उठलंय. यांच्या कबरीवरच्या शेवंतीवर बर्फ पडलंय. तुझ्या क्लबने पाठवलेलं फुलांचं चक्र मोठं आहे, पण ते शेजारच्या कबरीवर लवंडतं, म्हणून काठीने बांधलंय.

तू फाटकापाशी मला विचारलंस, बाबांनी आस बघितला का. मी नाही म्हणाले. तार करायची गडबड, पार्सल उशिरा आलं असेल, असं काहीतरी बोलले. खोटं बोलले मी. चारचौघांत मला ते सांगवेना. आता हे खोटं मला झोपू देत नाही. या घरात आधीच एक खोटं चौदा वर्षं राहिलं, दुसरं नको.

पार्सल गुरुवारी सकाळी आलं होतं. हे गेले त्याच्या आदल्या दिवशी. मी दोरी सोडली, आस यांच्या हातात दिला. डोळ्यांना तर काहीच दिसत नव्हतं. रजईवर ठेवून दोन्ही हातांनी चाचपला. नख फिरवलं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. मग दोन बोटांत धरून बराच वेळ तसेच. मी वाट बघत होते. मनात म्हणत होते, देवा, आता तरी या माणसाच्या तोंडून एक चांगला शब्द येऊ दे, मी लगेच पोराला कळवीन.

म्हणाले, “जाड आहे.”

एवढंच. त्यानंतर पाणी मागितलं, मग झोपले ते फारसं बोललेच नाहीत. आस हातातून सोडला नाही. मलाच नंतर बोटं उघडून काढावा लागला.

मनाला लावून घेऊ नकोस रे. ते तसेच होते. माझ्या भाकरीलासुद्धा चाळीस वर्षं जाड म्हणाले. एवढे महिने तू पाळीनंतर खपलास, आणि शेवटी चूकच काढली. मला त्या क्षणी यांचा इतका राग आला होता, आणि आता त्या रागाचंच रडू येतं.

आस मी खणात खाली ठेवलाय, म्हणजे तुझ्या नजरेला पडायला नको. नाही तर टाकून देऊ का? काय ते कळव.

आई


शायोवार, २४ जानेवारी १९८२

आई,

टाकू नकोस! कोणाला हात लावू देऊ नकोस. चिंधीला थोडं तेल लावून त्यात गुंडाळून ठेव, गंज धरतो.

तुझं पत्र मी वर्कशॉपमध्ये वाचलं. झिगाकाकांना ती ओळ दाखवली. त्यांनी टोपी काढली आणि मशीन बंद करून बाहेर जाऊन आले.

आई, ती चूक नव्हती काढली त्यांनी. नामदिनाच्या पत्रात बाबांनी काय लिहिलं होतं ते तुला माहीत नाही, ते त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिलं होतं. शिकाऊ माणसाचं काम जाड असलं की ते म्हणायचे, याला अक्कल आहे. बारीक झालं की संपतं. जाड असलं की अजून करता येतं. तो सातवा आस होता. शेवटच्या कापाला मी मशीन बंद केलं, हात पुसले, बाहेर गेलो, माप घेतलं, आणि तो काप घेतला नाही. तीन दशांश जाड ठेवून तसाच पाठवला. वाटलं, ते सांगतील पुढे काय करायचं. त्यांनी नखाने तीन दशांश ओळखलं, आई! आमच्याकडे हे यंत्राने मोजतात.

तू देवाकडे चांगला शब्द मागितलास ना, तो तुला मिळाला होता. सबंध आयुष्यात एवढा चांगला शब्द ते मला बोलले नव्हते. दोनशे शहाण्णव सामन्यांत नाही.

मी शनिवारी येतोय. बाबांचा कॅलिपर बरोबर आणतो. तू अध्यक्षांकडे जा. त्यांना म्हणावं, वेंडेल टर्नर म्हणून येत नाही, अजून चार महिन्यांचा शिकाऊ आहे. पण बाबांच्या मशीनवर त्याला एक तास उभं राहू द्या. तीन दशांश उतरवायचेत.

मार्चमध्ये पहिला सामना आहे ना? चुना भिजवून ठेवायला सांग. रेष मी मारीन, गाडीने.

वेंडेल